जॅबर : खुल्या निरोपांचा सर्व्हर

ऑगस्ट १९८८ मध्ये फिनलंडमधल्या औलू विद्यापीठात यार्को ओइकारिनेन यांनी आयआरसी हे गप्पांचे सॉफ्टवेअर लिहिले. त्याचे सर्व्हर अनेक संस्था चालवत आणि ते एकमेकांना जोडलेले असत. पण त्यात माणसाला कायमचा पत्ता नव्हता. टोपणनाव जोडणी असेपर्यंतच आपले. ती तुटली की तेच नाव दुसरा कोणीही घेऊ शके. गैरहजर माणसासाठी निरोप ठेवण्याची सोयही मूळ रचनेत नव्हती.

पुढे आयसीक्यू (१९९६) आणि एओएलचा मेसेंजर (१९९७) यांनी कायमचे खाते आणि मित्रांची यादी दिली, पण प्रत्येकाचे कुंपण वेगळे. या कुंपणांना पर्याय म्हणून आयोवातले प्रोग्रामर जेरेमी मिलर यांनी जानेवारी १९९९ मध्ये जॅबर जाहीर केले. पत्त्याची ठेवण त्यांनी ई-मेलचीच ठेवली: आधी नाव, मग ॲटची खूण, मग सर्व्हरचे नाव. समजा, एकीचे खाते विद्यापीठाच्या सर्व्हरवर आहे आणि तिच्या मित्राचे घरच्या संगणकावर चालणाऱ्या सर्व्हरवर. तिचा निरोप आधी विद्यापीठाच्या सर्व्हरकडे जातो. तो ॲटपुढचे नाव वाचतो, डीएनएस या इंटरनेटच्या नावनोंदीत ठिकाणा शोधतो आणि सहसा ५२६९ क्रमांकाच्या पोर्टवर मित्राच्या सर्व्हरशी थेट जोडणी करतो. मित्र ऑनलाइन नसेल तर निरोप त्याच्या सर्व्हरवर थांबतो. मध्ये तिसरी कंपनी लागत नाही, हे या रचनेचे खरे बळ.

ऑक्टोबर २००४ मध्ये इंटरनेटची मानके ठरवणाऱ्या आयईटीएफने याच प्रोटोकॉलचे मानक एक्सएमपीपी या नावाने प्रसिद्ध केले. सर्व्हर उभारण्यासाठी ईजॅबरडी हे सॉफ्टवेअर २००२ पासून होते. हलके प्रॉसडी २००८ मध्ये आले.

गूगल टॉक ऑगस्ट २००५ मध्ये सुरू झाले आणि जानेवारी २००६ मध्ये त्याने बाहेरच्या सर्व्हरांना दार उघडले. घरच्या सर्व्हरवरून जीमेलवाल्यांशी बोलता येऊ लागले. खुल्या जाळ्याला एवढी माणसे एकदम मिळाली, पण ती सगळी एकाच कंपनीच्या हाती होती. मे २०१३ मध्ये आलेल्या गूगलच्याच हँगआउट्समध्ये बाहेरच्या सर्व्हरांशी बोलण्याची सोय ठेवलेली नव्हती. ओळखीतला एकेक जण तिकडे वळे, तसा बाहेरच्या सर्व्हरवरच्या मित्रांचा त्याच्याशी संपर्क तुटे. मे २०१४ मध्ये अनेक खुल्या सर्व्हरांनी आपसातल्या जोडणीला एन्क्रिप्शनची सक्ती केली. गूगल टॉक सर्व्हर-सर्व्हरमध्ये ते वापरत नसल्याने उरलेले धागेही तुटले. मराठी घराघरांत पोचलेल्या व्हॉट्सॲपची सुरुवातही ईजॅबरडीवरच झाली, पण त्याने बाहेरच्या एक्सएमपीपी सर्व्हरांशी जोडणी ठेवली नाही.

खुल्या जाळ्याचे काम मात्र चालू राहिले. २०१४ मध्ये अँड्रॉइडसाठी कॉन्व्हर्सेशन्स हे एक्सएमपीपी ॲप आले. त्याच वर्षी मॅट्रिक्स हा नवा प्रोटोकॉल निघाला. त्यात गटातल्या संभाषणाची नोंद सहभागी झालेल्या प्रत्येक सर्व्हरवर राहते. एक बंद पडला तरी बाकीच्यांचा गट चालू राहतो. फ्रान्स सरकारने २०१९ मध्ये आपल्या कर्मचाऱ्यांसाठी आणलेले चॅप हे ॲप मॅट्रिक्सवरच चालते.