एकादशीचा बटाटा आणि नाताळचा बटाटा

आषाढी एकादशीला नांदुऱ्यातील बहुतेक घरांत फराळाचे ताट सारखेच असते. साबुदाण्याची उसळ, भगर, शेंगदाण्याची आमटी, बटाट्याची भाजी, तुपात परतलेल्या रताळ्याच्या गोड फोडी आणि राजगिऱ्याचा लाडू. उपवासाला काय चालते आणि काय चालत नाही, याची यादी घरातील आजीला तोंडपाठ असते आणि ती पूर्वापार चालत आली आहे अशी सर्वांची समजूत असते.

ही यादी फळ्यावर लिहून विद्यार्थ्यांना एक प्रश्न विचारावा. कोलंबस १४९२ मध्ये अमेरिकेच्या किनाऱ्याला लागला. त्याच्या आधीच्या एकादशीला या ताटात काय असेल? बटाटा, रताळे, भुईमूग आणि मिरची ही चारही पिके मूळची अमेरिकेची. आपला साबुदाणा ज्या कंदापासून होतो तो टॅपिओकाही तिकडचाच. राजगिऱ्याचे धान्यही बहुतेक वनस्पतिशास्त्रज्ञांच्या मते तेथूनच आले. एकामागून एक नावे पुसत गेलो की फळ्यावर एकटी भगर उरते.

असेच एक ताट युरोपच्या उत्तरेला डेन्मार्कमध्ये मांडले जाते. तेथे २४ डिसेंबरच्या रात्री, नाताळच्या जेवणात, भाजलेले बदक किंवा डुकराचे मांस आणि लाल कोबी यांच्या जोडीला एक गरम पदार्थ हवाच असतो. लहान उकडलेले बटाटे तपकिरी झालेल्या साखरेत आणि लोण्यात घोळवून तो करतात. त्याचे नाव 'ब्रूनेदे कार्टोफ्लर', म्हणजे तपकिरी केलेले बटाटे. डॅनिश माणसाला तो पदार्थ आपल्या मातीतला वाटतो. त्याची जन्मकथा मात्र आपल्या फराळाइतकीच परदेशी आहे.

नावांचा घोळ

बटाट्याची लागवड प्रथम दक्षिण अमेरिकेतील अँडीज पर्वतात, टिटिकाका सरोवराच्या परिसरात, सुमारे ८,००० वर्षांपूर्वी सुरू झाली. स्पॅनिश लोकांनी सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धात तो युरोपात आणला. रताळे त्याच्या आधीच, कॅरिबियन बेटांवरून, तेथे पोहोचले होते. त्या बेटांवरील लोक रताळ्याला 'बटाटा' म्हणत. दोन्ही कंद जमिनीखालून निघणारे, म्हणून युरोपीय लोकांनी एकाचे नाव दुसऱ्याला लावले. पोर्तुगीजांबरोबर ते पश्चिम किनाऱ्यावर आले आणि मराठीत रुळले. म्हणजे आपण बटाट्याला ज्या नावाने हाक मारतो ते मूळचे रताळ्याचे नाव आहे. डॅनिश 'कार्टोफेल' हा शब्द जर्मनमधून आला आणि त्याचे मूळ जमिनीखाली वाढणाऱ्या एका अळंबीच्या इटालियन नावात आहे.

या घोळाचा त्रास इतिहासकारांना होतो. सतराव्या शतकात भारतात आलेल्या इंग्रज प्रवाशांच्या लिखाणात 'पोटॅटो' हा शब्द सापडतो. पण तो खरा बटाटा की रताळे, हे त्या शब्दावरून ठरवता येत नाही. जुन्या कागदात शब्द सापडला म्हणजे वस्तू सापडली असे नसते, हे विद्यार्थ्यांना समजावण्यासाठी याहून सोपे उदाहरण मिळणार नाही.

नकोसा पाहुणा

युरोपात बटाट्याचे स्वागत झाले नाही. त्याचे कुळ धोतऱ्याचे. बायबलात त्याचा उल्लेख नाही. तो रोग पसरवतो असाही समज होता. प्रशियाच्या फ्रेडरिक राजाने १७५६ मध्ये बटाटा लावण्याचा हुकूमच काढला. डेन्मार्कमध्ये बटाटा रुजवला तो स्थलांतरितांनी. फ्रान्समधून धर्मछळामुळे परागंदा झालेली ह्यूगनॉट कुटुंबे १७२० मध्ये फ्रेडरिशिया या गावी वसली आणि त्यांनी बटाट्याची शेती केली. पुढे राजा पाचव्या फ्रेडरिकने जटलंडमधील ओसाड माळ लागवडीखाली आणण्यासाठी १७५९-६० च्या सुमारास जर्मन शेतकरी बोलावले. स्थानिक लोक त्यांना 'बटाटे-जर्मन' म्हणू लागले. त्या नावात कौतुकापेक्षा हेटाळणी अधिक होती. आज तेच बटाटे सणाच्या ताटात आहेत.

साखरेची कथा अधिक कडू आहे. डेन्मार्कला साखर मिळे ती वेस्ट इंडीजमधील आपल्या वसाहतींतून. सेंट क्रॉय हे बेट डेन्मार्कने १७३३ मध्ये फ्रान्सकडून विकत घेतले आणि आफ्रिकेतून पकडून आणलेल्या गुलामांकडून तेथे ऊस पिकवून घेतला. १८४८ मध्ये गुलामांनी उठाव केला तेव्हा गुलामगिरी संपली. ही बेटे १९१७ मध्ये अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांना विकण्यात आली. दरम्यान, बीटपासून साखर काढणारा मोठा उद्योग १८७२ नंतर डेन्मार्कमध्येच उभा राहिला. साखर स्वस्त झाल्यावाचून साखरेत घोळवलेले बटाटे घरोघर पोहोचणे शक्य नव्हते.

आपल्याकडे विरोध का झाला नाही?

उपवासात वर्ज्य असते ते धान्य. कंदमुळे चालतात, हा नियम जुना. नवा पदार्थ आला की तो धान्य की कंद, एवढाच प्रश्न विचारला गेला आणि बटाटा सहज कंदमुळांच्या खणात जाऊन बसला. युरोपात त्याच्यासाठी असा तयार खण नव्हता. नियम जुना राहिला, त्यातील वस्तू बदलल्या. वनस्पतिशास्त्राने मात्र वेगळे खण केले आहेत. रताळे हे मूळ आहे, तर बटाटा हे जमिनीखालचे खोड. बटाट्याचे 'डोळे' म्हणजे खोडावरील कळ्या.

नांदुऱ्याच्या काळ्या कपाशीच्या जमिनीत बटाटा फारसा पिकत नाही. दिवसाच्या लांबीची अडचण नाही. अँडीजमधील बटाट्याला कंद धरण्यासाठी लहान दिवस लागत आणि येथे डिसेंबरचा दिवस सुमारे ११ तासांचाच असतो. उलट डेन्मार्कच्या उन्हाळ्यात दिवस १७ तासांचा. तेथे मोठ्या दिवसांतही कंद धरणारी वाणे निवडली जाईपर्यंत पीक बेताचेच येई. आपल्याकडची अडचण दोन प्रकारची. बटाट्याला रात्री १५ ते २० अंश सेल्सियस तापमान मानवते, रात्री उष्ण असल्या की कंद नीट पोसत नाहीत. शिवाय चिकण माती कंदाला आवळून धरते. महाराष्ट्रात बटाट्याचे पीक रुजले ते पुणे जिल्ह्यातील खेड, आंबेगाव, जुन्नर भागात आणि सातारा जिल्ह्यात.

मग नांदुऱ्याच्या स्वयंपाकघरात तो रोजचा कसा झाला? बटाट्यात सुमारे ८० टक्के पाणी असते. एवढे वजन बैलगाडीने लांबून आणणे परवडत नाही. मुंबईहून निघालेला लोहमार्ग १८६७ मध्ये नागपूरला पोहोचला आणि नांदुरा हे त्याच मार्गावरचे स्थानक. वऱ्हाडचा कापूस बाहेर नेण्यासाठी टाकलेल्या रुळांमुळे बाहेरचा माल आत आणण्याचीही सोय झाली.

करून पाहा

डॅनिश बटाटे आपल्या कढईतही होतात आणि त्यात रसायनशास्त्राचा एक पूर्ण तास आहे. एक किलो लहान, चिकट जातीचे बटाटे उकडून, सोलून पूर्ण गार करावेत. जाड बुडाच्या कढईत १०० ग्रॅम साखर पसरून मंद आचेवर न ढवळता वितळू द्यावी. ती सोनेरी झाली की ५० ग्रॅम लोणी घालावे. बटाटे गार पाण्यातून काढून, निथळून कढईत सोडावेत आणि १० ते १५ मिनिटे हलक्या हाताने फिरवत राहावे. गरमच वाढावेत. वितळलेल्या साखरेचे तापमान १६० अंशांच्या वर असते, म्हणून हे काम मोठ्यांनीच करावे.

गार बटाटे पडताच साखर कडक होऊन गोळा होते. घाबरू नये. बटाट्यावरील पाण्यात ती पुन्हा विरघळते. साखरेचा रंग बदलतो तो तिचे रेणू तुटून, त्यांतील पाणी निघून जाऊन नवी तपकिरी संयुगे बनल्यामुळे. लोण्यातील दुधाचा अंशही तांबूस होतो. त्यात प्रथिने आणि शर्करा यांची वेगळी अभिक्रिया घडते. तुपात ती प्रथिने जवळजवळ नसतात, म्हणून तूप वापरल्यास वास निराळा येतो.

आता हा पदार्थ आपल्या रताळ्याच्या फोडींशेजारी ठेवावा. तेथे तूप आणि गूळ, येथे लोणी आणि साखर. रताळ्यात एक विकर असते. रताळे हळूहळू तापत असताना, साधारण ६० ते ७५ अंशांच्या दरम्यान, ते विकर पिठूळ पदार्थाची माल्टोज साखर करते. म्हणून रताळे शिजता शिजता गोड होते आणि थोडा गूळ पुरतो. बटाट्यात ही क्रिया फारशी घडत नाही, त्याला सगळी गोडी बाहेरून द्यावी लागते.

एकाच पिकावर भिस्त

बटाटा परका म्हणून टाकावा, असे मुळीच सुचवायचे नाही. मात्र तो स्वीकारताना काय घडू शकते याचा एक धडा आयर्लंडने दिला आहे. तेथील गरीब शेतकरी जवळजवळ केवळ बटाट्यावर आणि मुख्यतः एकाच वाणावर जगत होते. बटाटा कंदापासून लावतात, त्यामुळे एका वाणाची सारी झाडे आनुवंशिकदृष्ट्या एकसारखी असतात. करपा रोग १८४५ मध्ये आला तेव्हा त्याला अडवणारे झाड शेतात नव्हते. पुढील काही वर्षांत उपासमारीने आणि तापाच्या साथींनी सुमारे १० लाख माणसे मेली आणि तेवढ्याच लोकांनी देश सोडला. त्या काळातही आयर्लंडमधून धान्य बाहेर जात होते. रोग बुरशीसदृश जीवाने आणला, पण दुष्काळ त्याने एकट्याने आणला नाही. जमिनीची मालकी आणि राज्यकर्त्यांची धोरणे यांचाही त्यात वाटा होता.

याउलट अँडीजमधील शेतकरी एकाच शेतात अनेक वाणे मिसळून लावत आले आहेत. आजचे संशोधकही रोगप्रतिकारक गुणांचा शोध घेण्यासाठी त्या जुन्या वाणांकडे आणि त्यांच्या रानटी भाऊबंदांकडे जातात.

एकादशीच्या सुमारास विद्यार्थ्यांना घरून फराळाची यादी आणायला सांगावी. प्रत्येक पदार्थापुढे त्याची मूळ भूमी, तो वनस्पतीचा कोणता भाग आहे आणि आज तो कोणत्या जिल्ह्यातून येतो, हे लिहून घ्यावे. बटाटा आणि रताळे यांच्या चकत्यांवर आयोडीनचा एकेक थेंब टाकून निळाकाळा रंग पाहावा. भगरीपुढे मात्र आणखी एक रकाना ठेवावा आणि तो भरण्यासाठी घरातील वडीलधाऱ्यांना विचारायला सांगावे: आपल्या भागात ती कधी पिकत होती का, आणि पिकत असेल तर केव्हा थांबली?