गावाची उंची

परका मनुष्य एखाद्या गावाकडे येऊ लागला, म्हणजे गाव भेटण्यापूर्वी त्या गावातील सर्वांत उंच वस्तू त्याला भेटते. साताऱ्याकडे येणाऱ्याला अजिंक्यतारा दिसतो, तासगावकडे येणाऱ्याला गणपतीचे गोपूर. गावच्या माणसाला या उंचीची इतकी सवय झालेली असते की, तिच्याकडे तो क्वचितच मान वर करून पाहतो. परंतु ही उंची कोणी उभारली, कशासाठी उभारली आणि तिच्या पायथ्याशी कोणाला उभे राहता येते, या तीन प्रश्नांत गावाचा अर्धा इतिहास सामावलेला असतो. हेच प्रश्न आज आपण आपल्या मुलखाला विचारू या.

उंचीची हौस सर्व जगाला आहे. १८८५ साली शिकागोत लोखंडी सांगाड्यावर दहा मजली इमारत उभी राहिली, आणि पुढे अमेरिकेतील मध्यम शहरांनाही आपापला मनोरा हवासा वाटू लागला. मिनिॲपोलिस शहरात फोशे नावाच्या व्यापाऱ्याने १९२९ साली बत्तीस मजली मनोरा बांधून त्यावर आपले नाव कोरविले. उद्घाटनाचा थाट संपून काही महिने जातात न जातात, तोच मंदीच्या तडाख्यात त्याचे दिवाळे निघाले आणि पुढे फसवणुकीच्या गुन्ह्याखाली तो तुरुंगातही गेला. मनोरा मात्र उभा आहे. बांधणाराचे भाग्य आणि बांधलेल्याचे आयुष्य यांचा मेळ बसतोच असे नाही, ही गोष्ट आपल्याकडेही आढळते.

साताऱ्याला माणसाने मनोरा बांधण्याचे प्रयोजनच नव्हते. ती उंची निसर्गाने आधीच देऊन ठेवली होती. हा किल्ला १७०० साली औरंगजेबाच्या हाती पडला. त्या वेढ्यात सुरुंग उलटून मोगलांचीच शेकडो माणसे दगावली. किल्ल्याला आझमतारा हे नाव मिळाले. पुढे तो मराठ्यांनी परत घेतला आणि अजिंक्यतारा हेच नाव लोकांच्या तोंडी राहिले. १७०८ साली शाहू महाराजांना येथे राज्याभिषेक झाला. पुढे राज्य स्थिर होत गेले, तसतसे गाव डोंगराच्या पायथ्याशी पसरले. प्रतापसिंह महाराजांच्या काळातील राजवाडा पाहा. तो रुंद आहे, ऐसपैस आहे, पण आकाशाशी स्पर्धा करीत नाही. उंची ही वेढ्याच्या काळाची गरज होती. नांदत्या गावाला चौक आणि पेठा लागतात.

सपाटीवरच्या तासगावची कथा निराळी आहे. परशुरामभाऊ पटवर्धनांची उमेद कर्नाटकाच्या मोहिमांत गेली. हैदराशी आणि पुढे टिपूशी झुंजताना त्यांनी दक्षिणेची देवळे पाहिली आणि तिकडचे गोपूर आपल्या गावी आणले. १७७९ साली आरंभलेले गणपतीचे देवालय १७९९ साली पुरे झाले. समोरचे गोपूर सात मजली, सुमारे ९६ फूट उंच. महाराष्ट्रात अशी वास्तू विरळाच. आपल्याकडे उंची द्यावयाची ती शिखराला, म्हणजे देवाच्या डोक्यावर. गोपुराची रीत वेगळी. तेथे उंची असते ती दरवाजावर. देव आत बसतो आणि सर्वांत उंच बांधकाम त्याच्या उंबऱ्यावर उभे राहते. येणाराचा मान देवाच्या मानाहून उंच धरावा, अशी ही कल्पना आहे.

पण इतिहास सांगावयाचा तर तो पुरा सांगितला पाहिजे. ज्या मोहिमांनी हे गोपूर दिले, त्यांतीलच १७९१ च्या मोहिमेत पटवर्धनी फौजेबरोबरच्या लुटारू टोळ्यांनी शृंगेरीचा मठ लुटला, आणि त्या मठाच्या पुनःस्थापनेला द्रव्य पाठविले ते टिपूने. एकीकडे दक्षिणेच्या देवद्वारापुढे मान लवणारी दृष्टी आणि दुसरीकडे दक्षिणेचेच एक पवित्र पीठ लुटणारे हात, दोन्ही एकाच तळावर होती. आपल्या पूर्वजांचा अभिमान जरूर धरावा. पण गोपुराकडे पाहताना शृंगेरी विसरणे म्हणजे अर्धेच पाहणे होय. ज्या वर्षी देवालय पुरे झाले, त्याच १७९९ साली भाऊ पट्टणकुडीच्या लढाईत कामास आले. त्यांची तलवार गेली, जहागीर वाटली गेली, संस्थानेही गेली; पण ऋषिपंचमीला गणपतीचा उंच रथ दोर धरून ओढणारे हात दरसाल जमतात. सरदाराने बांधलेली उंची लोकांनी अशी आपलीशी करून घेतली.

सांगलीत थोरले चिंतामणराव आप्पासाहेबांनी कृष्णाकाठी काळ्या दगडाचे गणपती मंदिर उभारले. त्याची भव्यता उंचीत नाही, भक्कमपणात आहे. कारण या गावाला उंची मोजावी लागते ती पाण्याची. १९२९ साली खुला झालेल्या आयर्विन पुलावर फुटांच्या खुणा आहेत. ४५ फूट ही धोक्याची पातळी. २००५ साली पाणी ५३ फुटांच्या वर गेले, २०१९ साली ५७ फुटांच्या वर. त्या दिवसांत सांगलीकरांना अभिमानाच्या उंचीपेक्षा आसऱ्याची उंची किती मोलाची, हे कळून चुकले. ज्याचा वरचा मजला शेजाऱ्याला उघडा होता, ते घर त्या आठवड्यात गावातील सर्वांत उंच घर होते.

अखेरीस पुन्हा साताऱ्याकडे वळू. १९८० नंतरच्या दशकात कांचीच्या शंकराचार्यांच्या प्रेरणेने येथे नटराजाचे मंदिर उभे राहिले. चिदंबरमच्या धर्तीवर चार दिशांना चार गोपुरे, आणि त्यांना दक्षिणेकडील राज्यांचा हातभार. तासगावला गोपूर आले ते घोडदळाच्या वाटेने. साताऱ्याला दोनशे वर्षांनी ते आले निमंत्रणाच्या वाटेने. हा फरक आम्हांला फार मोठा वाटतो.

आज या दोन्ही शहरांत मजल्यांवर मजले चढत आहेत. चढोत बापडे, लोकांना घरे हवीत. पण एखाद्या इमारतीला गावाची खूण म्हणण्यापूर्वी तिचा शेवटचा मजला मोजू नका, तिचे दार पाहा. ते कोणासाठी उघडते, यावरून गावाची खरी उंची ठरते.