अमूर्ताची मूर्ती : जालना जिल्ह्यातील एक शब्दशोध

परभाषेतील काही शब्द असे असतात, की त्यांना मराठीत एकच प्रतिशब्द द्यावयास गेले, तर निम्मा अर्थ उंबरठ्याबाहेरच राहतो. इंग्रजीतील ‘रीइफिकेशन’ हा अशांपैकी एक. लॅटिन भाषेत ‘रेस’ म्हणजे वस्तू. जी वस्तू नाही तिला वस्तू करणे, हा ह्या शब्दाचा मूळ अर्थ. मराठीत त्याला ‘वस्तुकरण’ म्हणता येईल, ‘मूर्तीकरण’ म्हणता येईल. पहिल्या शब्दात थोडी नाराजी आहे, दुसऱ्यात थोडी भक्ती आहे. मूळ शब्दात ह्या दोन्ही छटा नांदतात आणि त्यामुळेच तो अवघड झाला आहे.

तत्त्वज्ञांनी हा शब्द बहुधा दोष दाखविण्यासाठी वापरला. आल्फ्रेड नॉर्थ व्हाइटहेड ह्यांनी 1925 साली एका तर्कदोषाचे वर्णन केले : आपल्या सोयीसाठी बुद्धीने काढलेल्या कल्पनेलाच आपण प्रत्यक्ष पदार्थ समजू लागतो. त्याआधी दोन वर्षे, 1923 मध्ये, गेऑर्ग लुकाच ह्या हंगेरियन विचारवंताने मार्क्सचे बोट धरून सांगितले होते, की बाजाराच्या व्यवस्थेत माणसामाणसांतील नाती वस्तूंमधील नात्यांचे रूप घेतात आणि मग ती निसर्गनियमासारखी अटळ भासू लागतात. पीटर बर्गर व टॉमस लुकमान ह्या समाजशास्त्रज्ञांनी 1966 मध्ये ह्याच विचाराला सोपे रूप दिले. समाजातील संस्था माणसांनीच घडविलेल्या असतात. त्या आपण घडविल्या, ह्याचे विस्मरण होणे म्हणजे वस्तुकरण. मला ही व्याख्या सर्वांत उपयोगी वाटते.

संगणकशास्त्रात मात्र हाच शब्द दोष म्हणून नव्हे, कौशल्य म्हणून येतो. तेथे एखाद्या विधानालाच वस्तू मानून त्याला स्वतंत्र ओळख देतात. ‘अमुक मनुष्य शेतकरी आहे’ एवढेच न नोंदविता हे कोणी सांगितले, केव्हा सांगितले, कशावरून सांगितले, हेही त्या विधानाला जोडता यावे, हा त्यातला हेतू. म्हणजे एका अर्थाने कर्त्याचा विसर पडतो, तर दुसऱ्या अर्थाने कर्त्याची आठवण जपून ठेवली जाते.

ही चर्चा ग्रंथालयातच राहिली असती, तर तिच्यासाठी ह्या पानांवर जागा मागितली नसती. परंतु जालना ह्या एकाच जिल्ह्याच्या इतिहासात ह्या शब्दाचे जवळजवळ सारे अर्थ भूमीवर उतरलेले दिसतात. अलीकडे तर त्यासाठी तेथे माणसांनी अन्नत्याग केला आहे.

घनसावंगी तालुक्यातील जांब हे समर्थ रामदासांचे जन्मगाव. सूर्याजीपंत ठोसरांच्या घरी 1608 साली नारायण जन्मला. त्या घराण्याकडे गावचे कुलकर्णीपण होते, असे परंपरा सांगते. म्हणजे गावाची दप्तरे लिहिणाऱ्या घरातील हा मुलगा. लग्नमंडपात भटजींनी उच्चारलेला ‘सावधान’ हा विधीतला शब्द त्याने खराच मानला आणि तो बोहल्यावरून निघून गेला, ही कथा आपण शाळेपासून ऐकत आलो आहोत. लेखनकर्माचा संस्कार त्यांच्या वाङ्मयातही उतरला आहे. ‘दासबोधा’त अक्षर कसे काढावे, पाने कशी राखावीत, ह्यावर एक सबंध समास आहे.

आपल्या विषयाच्या दृष्टीने त्याच ग्रंथाच्या अकराव्या दशकातील चार देवांचे निरूपण महत्त्वाचे आहे. लोक ज्यांना देव म्हणतात त्यांची समर्थ तेथे प्रतवारी लावतात : आधी धातूपाषाणाची प्रतिमा, मग अवतार, मग सर्वांच्या ठायी असणारा अंतरात्मा, आणि अखेरीस निर्विकार परब्रह्म. प्रतिमेची ते हेटाळणी करीत नाहीत. स्वतः गावोगावी मारुती स्थापन करणारा हा पुरुष. मूर्तीचे सामर्थ्य त्याला पुरते ठाऊक होते. पण पहिल्या पायरीलाच शिखर समजू नये, हे तो बजावून सांगतो. मराठी लोकाचारात ह्या जाणिवेला एक विधीही आहे. मातीच्या पार्थिव मूर्तीत प्राणप्रतिष्ठा करतात, पूजा करतात आणि ठरल्या दिवशी तिचे विसर्जन करतात. मूर्ती आपणच घडविली, हे विसरण्याची सोय ह्या आचारात ठेवलेलीच नाही. आपण ख्रिस्ती लोक देहधारणेच्या गूढाकडे पाहतो ते अर्थात निराळ्या श्रद्धेने, आणि त्या गूढाला मूर्तीकरण म्हणणे आपल्याला मान्य होणार नाही; पण चिन्ह आणि चिन्हित ह्यांची गल्लत करू नये, ही शिकवण आपल्यालाही परकी नाही.

एकोणिसाव्या शतकात जालन्याने आणखी एका नारायणाला जवळ केले. रेव्हरंड नारायण शेषाद्री हे जन्माने ब्राह्मण. 1843 साली मुंबईत स्कॉटिश मिशनमध्ये त्यांचा बाप्तिस्मा झाला. त्यांचा धाकटा भाऊ श्रीपत अल्पवयीन होता. त्याला न्यायालयाने वडिलांच्या स्वाधीन केले. आता प्रश्न उभा राहिला, की मिशनऱ्यांच्या घरी राहिलेला, त्यांच्याबरोबर जेवलेला हा मुलगा ब्राह्मण राहिला की नाही? बाळशास्त्री जांभेकरांनी त्याला प्रायश्चित्त देऊन परत घ्यावे, अशी बाजू घेतली आणि सनातन्यांचा रोष ओढवून घेतला. त्या वादाचे स्वरूप पाहण्याजोगे आहे. जात ही जणू अंगावरची एखादी चीज असावी, ती हरवली की नाही, हरवली असल्यास परत मिळेल की नाही, अशा भाषेत विद्वान मंडळी भांडत होती. मुलाचे काय म्हणणे होते, ह्याला त्या वादात फारसे स्थान नव्हते.

पुढे थोरल्या भावाने जालन्यास कार्यक्षेत्र केले आणि निजामाच्या राज्यात मिळालेल्या जमिनीवर जालन्याजवळ एक ख्रिस्ती गाव वसविले. त्याचे नाव बेथेल. उत्पत्तीच्या पुस्तकातील याकोबाची गोष्ट वाचकांना आठवत असेलच : उशाला घेतलेला दगड त्याने उभा केला, त्यावर तेल ओतले आणि त्या जागेला देवाचे घर म्हटले. शेषाद्रींच्या बेथेलमध्ये राहावयास आलेले बहुतेक लोक मांग समाजातील होते. गावकुसाबाहेर ज्यांची वस्ती असे, त्यांना स्वतःची जमीन, स्वतःचे मंदिर आणि स्वतःची शाळा असलेले गाव मिळावे, ही कल्पना. ती कागदावर राहिली नाही, हे शेषाद्रींचे श्रेय. आणि ह्या अर्थाने मूर्तीकरण हा शब्द उच्चारताना मला संकोच वाटत नाही.

ह्याच काळात त्याच मुलखात एक वेगळ्या प्रकारची मूर्ती घडत होती. हैदराबाद संस्थानात पहिली जनगणना 1881 साली झाली. गणनाकार घरोघर गेला, त्याने जात विचारली, उत्तर रकान्यात लिहिले. मराठवाड्यातील शेतकरी ह्या प्रश्नाला ‘कुणबी’ म्हणे, ‘मराठा’ म्हणे, कधी दोन्हीही. त्यात त्याला विसंगती वाटण्याचे कारण नव्हते. ‘कुणबीक’ म्हणजे शेतकी. कुणबी म्हणजे ती करणारा. देहूच्या तुकोबांनी स्वतःला कुणबी म्हणवून घेतले, ते नम्रतेने आणि थोड्या मिश्किल अभिमानानेही. हा शब्द धंदा सांगे, राहणी सांगे, प्रसंगी वंशही सांगे. कोणापुढे बोलत आहोत त्याप्रमाणे त्याचा अर्थ हलत असे.

रकान्याला हलता शब्द चालत नाही. गणनाकाराच्या कागदावरून आकडे तक्त्यात गेले, तक्त्यातून गॅझेटियरमध्ये गेले. 1909 सालच्या इंपीरियल गॅझेटियरच्या हैदराबाद संस्थानावरील खंडात ‘कापू अथवा कुणबी’ हा राज्यातील सर्वांत मोठा जातिसमूह म्हणून एकत्र सांगितला आहे. तेलंगणातील तेलुगू बोलणारा कापू आणि अंबड परगण्यातील मराठी कुणबी ह्यांचा परस्परांशी रोटीचा, बेटीचा वा बोलीचा काय संबंध? दोघेही जमीन कसतात, एवढाच. पण आकडा एक झाला आणि आकड्यामागे एक ‘जात’ उभी राहिली. व्हाइटहेडला याहून चांगले उदाहरण शोधूनही सापडले नसते.

पुढचा इतिहास थोडक्यात सांगतो. सप्टेंबर 1948 मध्ये संस्थान भारतात विलीन झाले. 1956 साली मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात आणि 1960 साली महाराष्ट्रात आला. 1 मे 1981 रोजी औरंगाबाद जिल्ह्यातील तालुके आणि परभणीतला परतूर मिळून जालना जिल्हा झाला. (जिल्हा हीसुद्धा नकाशावरची रेघच, पण रेघ ओढल्यावर चाळीसएक वर्षांत ‘आम्ही जालन्याचे’ असे म्हणणारी पिढी तयार होते.) विदर्भात आणि कोकणात मोठ्या संख्येने शेतकरी कुणबी म्हणून नोंदले गेले व इतर मागासवर्गात आले. मराठवाड्यात बहुतेकांच्या दाखल्यावर ‘मराठा’ असे लागले. जोवर ह्या दोन शब्दांनी कोणाचे काही बिघडत नव्हते, तोवर तो फरक कोणी मोजला नाही.

मग शेती परवडेनाशी झाली, शिक्षण महागले, आणि रकान्याला एकाएकी किंमत आली. मराठा समाजाला राज्याने 2018 साली दिलेले आरक्षण सर्वोच्च न्यायालयाने 5 मे 2021 रोजी रद्द केले. 29 ऑगस्ट 2023 रोजी अंबड तालुक्यातील अंतरवाली सराटी येथे मनोज जरांगे पाटील उपोषणास बसले. 1 सप्टेंबरला तेथे लाठीमार झाला आणि ह्या लहानशा गावाचे नाव देशभर गेले. मागणी होती, ती मराठवाड्यातील मराठ्यांना कुणबी मानण्याची. शासनाने निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे ह्यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली आणि तहसिलांतील जुनी दप्तरे उघडली गेली. खासरा पत्रके, पाहणी पत्रके, कोतवाल बुके. कोठे मोडी, कोठे उर्दू. मोडी वाचणारी माणसे शोधावी लागली. शंभर वर्षांपूर्वीच्या कोतवालाने जन्ममृत्यूच्या नोंदीत सहज लिहिलेला एक शब्द आता पणतवाच्या महाविद्यालयीन प्रवेशाचा निर्णय करू लागला.

जून 2024 मध्ये त्याच अंबड तालुक्यातील वडीगोद्री येथे लक्ष्मण हाके उपोषणास बसले. त्यांचे म्हणणे नेमके उलट : इतर मागासवर्गाच्या वाट्यात नवे वाटेकरी घेऊ नयेत. दोन्ही मंडपांतील माणसे गरीब, बहुतेक कोरडवाहू शेतकरी वा त्यांची मुले. दोन्हीकडची भीती खरी होती. एका बाजूस मुलाला नोकरी नाही, दुसऱ्या बाजूस मिळणारी जागा हातची जाईल ही धास्ती. जे लोक ह्या आंदोलनांकडे केवळ राजकारण्यांचा खेळ म्हणून पाहतात, त्यांचे मला आश्चर्य वाटते. वस्तुकरण झालेली कल्पना खोटी असते, हे म्हणणे अर्धेच खरे. एकदा तिच्यावर शिष्यवृत्ती, वसतिगृह आणि नोकरी टांगली गेली, की ती दगडाइतकी खरी होते. जो आपटतो त्यालाच तिचा टणकपणा कळतो.

2 सप्टेंबर 2025 च्या शासननिर्णयाने हैदराबाद गॅझेटियर लागू करण्याचे ठरले. येथे एक विलक्षण अडचण होती. गॅझेटियरमध्ये आकडे आहेत, नावे नाहीत. अमुक भागात इतके कुणबी, एवढे त्यातून समजते. त्यांतला माझा पणजोबा कोणता, हे समजत नाही. म्हणून गावपातळीवर समिती करण्यात आली. 13 ऑक्टोबर 1967 पूर्वीपासून त्या भागात राहत असल्याचा पुरावा वा प्रतिज्ञापत्र, नातेसंबंधांची चौकशी, कुळातील कोणास आधी दाखला मिळाला असल्यास त्याचा आधार, असा मार्ग काढला गेला. 1881 साली माणसापासून निघून आकड्याकडे गेलेली वाट आता आकड्यापासून माणसाकडे उलटी चालावयाची. मधल्या मुक्कामावर जे टाकून दिले होते, ते, म्हणजे कोणी, कोणाला, कशासाठी सांगितले, हे कोणत्याही दप्तरात सापडत नाही. संगणकवाले ज्याला विधानाचे वस्तुकरण म्हणतात, ते त्या गणनाकाराने केले असते, तर पुष्कळ उपोषणे टळली असती, असे गमतीने म्हणावेसे वाटते.

रकान्याचा हा टणकपणा ख्रिस्ती वाचकाला नवा नाही. बेथेलला आलेल्या मांग कुटुंबांचे उदाहरण घ्या. 1950 च्या राष्ट्रपतींच्या आदेशाने अनुसूचित जातीचा दर्जा हिंदूंपुरता ठेवला. 1956 मध्ये शीख आणि 1990 मध्ये बौद्ध त्यात आले, ख्रिस्ती आणि मुसलमान बाहेर राहिले. महाराष्ट्रात अनुसूचित जातीतून ख्रिस्ती झालेल्यांना इतर मागासवर्गात जागा आहे. म्हणजे एकाच आजोबाचे दोन नातू, एकाच वस्तीत राहणारे, गावाच्या नजरेत एकाच पायरीवरचे; पण धर्माच्या रकान्यात काय लिहिले आहे, त्यावरून एकाची जात शिल्लक राहते आणि दुसऱ्याची कागदावर नाहीशी होते. पाणवठ्यावर मात्र ती नाहीशी झाल्याचे कोणी मानीत नाही. ह्या प्रश्नाचा विचार करण्यासाठी माजी सरन्यायाधीश के. जी. बालकृष्णन ह्यांच्या अध्यक्षतेखाली 2022 साली आयोग नेमला गेला. 1843 साली श्रीपत शेषाद्रीविषयी विचारलेला प्रश्नच आयोगापुढे उलट्या बाजूने आला आहे : बाप्तिस्म्याने जात जाते काय, आणि जात असेल तर कोणाच्या दृष्टीने?

30 एप्रिल 2025 रोजी केंद्र सरकारने येत्या जनगणनेत जात मोजण्याचा निर्णय घेतला. सर्व जातींची मोजणी करून तिचे तक्ते छापणारी शेवटची जनगणना 1931 सालची होती. 2027 च्या ह्या गणनेत जांबच्या, अंतरवालीच्या, वडीगोद्रीच्या घरांपुढे पुन्हा कोणी गणनाकार उभा राहील आणि पुन्हा तोच प्रश्न विचारील. ह्या वेळी उत्तर देणाऱ्याला त्या शब्दाची किंमत पुरती ठाऊक असेल. त्याच्या पणजोबाला ती नव्हती.