राइट क्लिकची यादी : माजघरात शिरलेल्या पाहुण्यांचा इतिहास

१/ विंडोजमध्ये एखाद्या फाइलवर राइट क्लिक केले की एक यादी उघडते. त्यातील काही पर्याय विंडोजचे स्वतःचे असतात. मात्र त्याच यादीत अँटिव्हायरसचा 'स्कॅन' किंवा फाइल झिप करणाऱ्या प्रोग्रॅमचा पर्यायही दिसतो. हे परके पर्याय तेथे आले कसे, यामागे तीन दशकांहून मोठा इतिहास आहे.

२/ या इतिहासाचे मूळ 'डीएलएल' फाइलीत आहे. अनेक प्रोग्रॅमना लागणारे काम एकदाच लिहून वेगळ्या फाइलीत ठेवायचे आणि ज्याला हवे त्याने ते चालता चालता जोडून घ्यायचे, ही तिची कल्पना. १९८५ च्या पहिल्या विंडोजला किमान २५६ किलोबाइट मेमरी पुरत असे. अशा तुटपुंज्या जागेत ही काटकसर अपरिहार्य होती.

३/ १९९२ च्या विंडोज ३.१ मधील 'फाइल मॅनेजर'ने आपल्या मेनूत बाहेरच्या डीएलएलना जागा दिली. कोणाला आत घ्यायचे, ती नावे एका साध्या मजकूर फाइलीत लिहिलेली असत. १९९३ च्या एमएस-डॉस ६ ने हाच मार्ग वापरून तेथे अँटिव्हायरस आणि बॅकअप आणले. म्हणजे फाइलींच्या खिडकीतला पहारेकरी तेव्हापासूनच आहे.

४/ २४ ऑगस्ट १९९५ रोजी विंडोज ९५ आले आणि फाइल मॅनेजरच्या जागी 'एक्सप्लोरर' बसला. राइट क्लिकची यादी, फाइलींची चिन्हे, 'प्रॉपर्टीज'ची पाने या साऱ्यांत भर घालण्याची मुभा इतरांना मिळाली. या जोडांना 'शेल एक्स्टेन्शन' म्हणतात.

५/ त्यांचे काम असे चालते : राइट क्लिक होताच एक्सप्लोरर 'रजिस्ट्री' ही विंडोजची नोंदवही पाहतो. तेथे प्रत्येक जोडाचा १२८ बिटांचा ओळखक्रमांक आणि डीएलएलचा पत्ता असतो. एक्सप्लोरर ती फाइल उघडतो, निवडलेल्या फाइलींची नावे तिला देतो आणि यादीत काय लिहायचे ते विचारतो.

६/ खरी मेख पुढे आहे. हा पाहुणा ओसरीवर थांबत नाही, थेट माजघरात येतो. डीएलएल एक्सप्लोररच्याच प्रोसेसमध्ये, त्याच्याच अधिकारांनिशी चालते. त्यामुळे कामाला वेग येतो. पण तिच्यात दोष असला तर एक्सप्लोररच कोसळतो. टास्कबारही तोच रेखाटत असल्याने तीही क्षणभर नाहीशी होते.

७/ १९९५ हेच वर्ष पुण्यासाठीही महत्त्वाचे. कॅल्क्युलेटर दुरुस्त करणारे कैलास काटकर आणि मॉडर्न कॉलेजात संगणकशास्त्र शिकलेले त्यांचे धाकटे बंधू संजय यांची 'कॅट कॉम्प्युटर सर्व्हिसेस' त्या वर्षी कंपनी झाली. संजय यांनी लिहिलेला अँटिव्हायरस म्हणजे 'क्विक हील'. २००७ मध्ये कंपनीनेही तेच नाव घेतले.

८/ अशा अँटिव्हायरसला राइट क्लिकची यादी फार उपयोगी पडली. शिरूर तालुक्यातील निमोणे असो वा पुण्यातील अप्पा बळवंत चौक, झेरॉक्सच्या दुकानात दिवसभर अनोळखी पेनड्राइव्ह येणारच. प्रत्येक वेळी वेगळा प्रोग्रॅम उघडत बसण्यापेक्षा पेनड्राइव्हवरच राइट क्लिक करून 'स्कॅन' निवडणे सोपे.

९/ परंतु ज्या दाराने पहारेकरी आला, तसल्याच दाराने चोरही आला. जून २०१० मध्ये बेलारूसमधील एका कंपनीला 'स्टक्सनेट' सापडला. शॉर्टकटचे चिन्ह दाखवण्यासाठी एक्सप्लोरर काही वेळा डीएलएल उघडतो, याचा त्याने फायदा घेतला. पेनड्राइव्हमधील फोल्डर नुसते पाहिले, तरी लागण होई. क्लिक करण्याचीही गरज नव्हती.

१०/ स्टक्सनेटचा रोख इराणच्या अणुप्रकल्पातील यंत्रांवर होता. तरीही सर्वाधिक लागण झालेल्या देशांत इराण आणि इंडोनेशिया यांच्यासोबत भारतही होता. मायक्रोसॉफ्टने २ ऑगस्ट २०१० रोजी ती फट बुजवली.

११/ २०२१ च्या विंडोज ११ ने राइट क्लिकची यादी आखडती केली. जुन्या पद्धतीचे जोड 'आणखी पर्याय'च्या मागे गेले. पहिल्या यादीत यायचे तर प्रोग्रॅमला आता आपली ओळख रीतसर नोंदवावी लागते.

१२/ काटकसरीसाठी जन्मलेली एक फाइल अशा रीतीने विश्वासाचा प्रश्न बनली. दार पूर्ण लावले तर पहारेकरीही बाहेर राहतो. सताड उघडे ठेवले तर स्टक्सनेट आत येतो. म्हणून १९९२ पासून आजवर बदलत गेली ती मुख्यतः एकच गोष्ट : आत येणाऱ्याचे नाव कोणी, कोठे आणि कोणत्या अटीवर लिहून घ्यायचे.