किल्लारीची ती रात्र : कुणाची आठवण खरी?

बचतीचा हिशेब झाला की आमच्या गटात आम्ही जुन्या गोष्टी वहीत लिहून ठेवतो. यंदा किल्लारीचा भूकंप घेतला आणि पहिल्याच बैठकीत वाद झाला.

एक काकू म्हणाल्या, "लख्ख चांदणं होतं." त्यांच्या जाऊबाई म्हणाल्या, "छे, काळाकुट्ट अंधार होता." मग जुनं दुखणं वर आलं. काकू म्हणाल्या, "मी तासभर हाका मारल्या, ही आली नाही." जाऊबाई म्हणाल्या, "मला एकही हाक ऐकू आली नाही." यावरून दोघींत कित्येक वर्षं धड बोलणं नाही.

आम्ही आधी पक्क्या गोष्टी लिहिल्या. भूकंप झाला ३० सप्टेंबर १९९३ ला, पहाटे चारच्या जरा आधी. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी. गणपती बोळवून माणसं झोपलेली. दगडमातीच्या जाड भिंती, वर माळवदाचा भार. लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यात हजारो माणसं त्याखाली गेली. मुख्य धक्का मिनिटभरही नव्हता.

चतुर्दशीची रात्र, म्हणजे आभाळात चंद्र होताच. काकू अंगणात होत्या. जाऊबाई माळवदाखाली गाडल्या गेल्या होत्या, तिथं कुठलं चांदणं? दोघी खरंच सांगत होत्या. आणि तो तास? घाबरलेल्या जिवाला चार क्षणही तासाएवढे वाटतात.

आमची एक मैत्रीण तेव्हा दोन वर्षांची होती. तीही "मी पाहिलं" म्हणते. आईनं सांगून सांगून तिच्या डोळ्यांपुढे चित्र उभं राहिलं, ती लबाड नाही. अमेरिकेत कॅलिफोर्नियात १९८९ साली भूकंप झाला. अभ्यासकांनी लोकांच्या आठवणी लगेच लिहून घेतल्या आणि दीडेक वर्षानं पुन्हा विचारलं. ज्यांनी स्वतः धक्का सोसला, त्यांचं बरचसं जुळलं. लांबून नुसती बातमी ऐकलेल्यांचं पुष्कळ चुकलं.

म्हणून आम्ही वहीत दोन रकाने पाडले : 'मी पाहिलं' आणि 'मी ऐकलं'. कुणालाही खोटारडी म्हणायचं नाही, असंही ठरवलं.

शेवटी काकू बराच वेळ गप्प होत्या. मग म्हणाल्या, "लिहा, मी हाका मारल्या. आणि खाली लिहा, हिला ऐकू आल्या नाहीत."

जाऊबाईंनी पदर डोळ्यांना लावला. आम्ही दोन्ही ओळी लिहिल्या. तुमच्या गावातल्या आठवणीही अशाच लिहून ठेवा, मैत्रिणींनो.