गोळी कानाला चाटून गेली असती तर?

१/ पानिपत, १४ जानेवारी १७६१. दुपारपर्यंत मराठ्यांचे पारडे जड होते. मग नानासाहेब पेशव्यांचे थोरले चिरंजीव विश्वासराव गोळी लागून पडले. सदाशिवरावभाऊ हत्तीवरून उतरून लढाईच्या गर्दीत शिरले. अंबारी रिकामी दिसताच सैन्याचा धीर सुटला.

२/ डॉ. जयंत नारळीकर यांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या विज्ञानकथेत काळ नेमका येथेच दुभंगतो. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत मराठे जिंकलेल्या जगात जाऊन परततात. पुरावा म्हणून उरते बखरीचे एक फाटके पान. त्यात गोळी विश्वासरावांच्या कानाला चाटून गेलेली असते.

३/ हे पान काल्पनिक. त्यातून उठणारा प्रश्न मात्र इतिहासाचा आहे. पराभवाचा सारा भार एका गोळीवर टाकता येतो का?

४/ ऑक्टोबर १७६० मध्ये अब्दालीने बागपतजवळ यमुना ओलांडली आणि मराठ्यांची दिल्लीकडची वाट अडवली. शत्रूची रसद तोडणारे गोविंदपंत बुंदेले डिसेंबरात मारले गेले. छावणीत लढवय्यांसोबत यात्रेकरू, बायका-मुलेही होती. अन्न संपले. उपाशी मरण्यापेक्षा लढून मरावे, या निर्धाराने फौज बाहेर पडली.

५/ गोळी चुकली असती, तरी भूक चुकली नसती. इतिहासातील ‘जर-तर’ हळहळण्यासाठी नसते. एक कारण बाजूला काढून पाहिले, की उरलेल्या कारणांचे वजन कळते.