सुटलेल्या माणसाचा अर्ज

माझे काका आणीबाणीत मिसाबंदी होते, नाशिक रोडच्या तुरुंगात. स्वतःच्या कैदेविषयी ते फार बोलत नसत. पातळ डाळ आणि बराकीतले राजकीय वाद, एवढ्यावर आटपायचं. पत्रकार कुलदीप नय्यर यांच्या अर्जाची गोष्ट मात्र दर वेळी रंगवून सांगायचे. सेन्सॉरच्या त्या दिवसांत ही बातमी मुलाखतीला आलेल्या कुणाच्या तरी तोंडून बराकीत पोचली होती.

नय्यर यांना जुलै 1975 मध्ये अटक झाली. पत्नी भारती यांनी दिल्ली हायकोर्टात हेबियस कॉर्पसचा अर्ज केला. सासवडचे वि. म. तारकुंडे आणि सोली सोराबजी बाजू मांडायला उभे राहिले. प्रकरण अंगाशी येतंय म्हटल्यावर निकालाआधीच सरकारने नय्यर यांना सोडलं आणि कोर्टाला सांगितलं, माणूस सुटला, आता अर्जात उरलं काय?

“हरायची वेळ आली की डावच मोडायचा!” इथे काकांचा आवाज चढायचा. “पण अरे, जजसाहेबांनी सुटलेल्या माणसाचाही निकाल दिला!” न्या. रंगराजन आणि न्या. अग्रवाल यांनी सप्टेंबरात अटक बेकायदा ठरवली. पुढे रंगराजन यांची गुवाहाटीला बदली झाली, अग्रवाल पुन्हा सत्र न्यायाधीश. तीच तऱ्हा मुंबई हायकोर्टाचे अतिरिक्त न्यायमूर्ती उमेश रंगनाथ लळित यांची: आणीबाणीत जामीन दिला, म्हणून कायम झाले नाहीत.

त्यांचे चिरंजीव उदय लळित सरन्यायाधीश झाले आणि तीनच दिवसांनी, 30 ऑगस्ट 2022 ला, त्यांच्या पीठाने 2002 च्या गुजरात दंगलींविषयीचे जुने अर्ज, आता त्यांत काही उरलं नाही म्हणून, बंद केले. एसआयटी नेमून झाली होती, नऊपैकी आठ खटल्यांचे निकाल खालच्या कोर्टात लागले होते. हे मला पटतं. ज्या कामासाठी अर्ज होता ते, उशिरा का होईना, बरंचसं झालं होतं.

त्याच दिवशी सुप्रीम कोर्टाच्या दुसऱ्या पीठाने बाबरी मशिदीबाबतचे अवमान-अर्जही बंद केले. काळ लोटला आणि 2019 मध्ये जमिनीच्या वादाचा निकाल लागला, ही कारणं. कोर्टाच्या हिशेबी दोन्ही सारखेच निकाली. मला तसं वाटत नाही. नय्यर यांचा अर्ज निरर्थक करायला सरकारला निदान एक माणूस सोडावा लागला. इथे कुणाला काहीच करावं लागलं नाही, तारखा पडत राहिल्या तेवढं पुरलं. अर्जदार 2010 मध्ये वारले, उत्तर प्रदेशचे 1992 मधले मुख्यमंत्री कल्याणसिंह 2021 मध्ये. जुलै 1992 मध्ये अयोध्येत चौथरा बांधू दिल्याबद्दल कल्याणसिंहांना सुप्रीम कोर्टाने 1994 मध्ये एक दिवसाची कैद दिली होती. मशीद पाडली त्या 6 डिसेंबरच्या अवमानाचा अर्ज मात्र निकालापर्यंत पोचलाच नाही.